माय ग्रँडमदर: पिक्चर 1929 चा, साहेब मात्र आजचेच

जॉर्जियातला मुका पिक्चर हाय, कोटे मिकाबेरिद्झेचा, तासाभरात खलास. सोव्हिएत सरकारनं जवळपास पन्नास वर्षं दाबून ठेवलेला, आणि बघितलं की कळतंय का ते, भल्या मोठ्या टेबलाभोवती साहेबलोक बसलेत, कामाचा पत्ता नाही, नि एकजण खेळण्यातली गाडी पळवतोय! एवढ्यात भाल्याएवढं पेन सुसाट येऊन साहेबालाच टोचतंय, तिथं मी दोनदा मागं घेऊन बघितलं. मग नोकरी गेलेला बाबा वशिल्याची चिठ्ठी मिळवायला वणवण फिरतोय, अन् खानापूर-निपाणीकडं उताऱ्यासाठी ह्या टेबलावरनं त्या टेबलावर ज्यानं चपला झिजवल्या त्याला हे वेगळं समजवायला नको.

त्या बाबाच्या बायकोचा नाचबिच जरा लांबलाय ओ, तिथं चहा टाकून या. शेजारच्या कन्नड काकू पण आमच्याबरोबर बसल्या, मधल्या पाट्या कुणी वाचूनच दाखवल्या नाहीत, तरी त्याच आधी हसायच्या. आमच्यात निदान ऑफिसवर हसायला तरी सीमावाद नाही. पाचपैकी साडेचार, आणि मोबाईलवर नको, टीव्हीला लावा, मागचे सेट लई भारी हायत.