गाडी भरायच्या आधी काट्याला फीडची बॅग टांगा

सिन्नर तालुक्यात माझं पाच हजार पक्ष्यांचं ब्रॉयलर (मांसासाठीच्या कोंबड्यांचं) शेड आहे, कंपनीच्या करारावर. पिल्लं, खाद्य, औषधं कंपनीची. शेड, तूस, लाइट, पाणी, मजुरी आपली. बॅच गेली की किलोमागे ग्रोइंग चार्ज, म्हणजे पक्षी वाढवल्याचा मोबदला मिळतो. लागोपाठ दोन बॅचना मला वजनात मारलं. सविस्तर लिहितोय, कारण आजूबाजूच्या आणखी तिघांचं हेच झालंय आणि तिघंही आपलंच काहीतरी चुकलं असं धरून बसले होते.

पहिली बॅच हिवाळ्यातली. ब्रूडिंगचे, म्हणजे पिल्लांना ऊब द्यायचे आठ दिवस बायको आणि मी आलटूनपालटून रात्रभर जागलो. मरतुक चार टक्क्यांवर राहिली, 4,800 पक्षी विक्रीला तयार. चाळिसाव्या दिवशी दुपारी शेडच्या चारही कोपऱ्यांतून आणि मधून पन्नास पक्षी धरून वजन केलं. सरासरी 2 किलो 150 ग्रॅम.

गाडी आली रात्री एकला. पक्षी बुजू नयेत म्हणून लाइट मंद. दहा-दहा पक्षी पायाला बांधून काट्याच्या हुकाला टांगायचे, ड्रायव्हरने आकडा ओरडायचा, सुपरवायझरने लिहायचा. माझे दोन्ही हात पक्षी धरण्यात. पहाटे चलन हातात आलं तेव्हा सरासरी 1 किलो 950.

सुपरवायझर म्हणाला, "दादा, संध्याकाळीच फीडर उचलले होते, पोट रिकामं झालं की वजन उतरतंच." उतरतं, मान्य. पण पाच-सहा तासांच्या उपाशीपणात पक्ष्यामागे दोनशे ग्रॅम जात नाहीत.

खरा मार पुढे बसतो. बॅचला 340 बॅग फीड लागलं, म्हणजे 17,000 किलो. माझ्या वजनाने माल 10,320 किलो, एफसीआर (किलोभर वजनामागे लागलेलं खाद्य) 1.65. त्यांच्या वजनाने 9,360 किलो, एफसीआर 1.82. चार्ज ठरतो एफसीआरवर. सात रुपयांचा दर साडेचारवर आला आणि तोही कमी भरलेल्या किलोंवर. 72 हजार मिळायचे तिथे 42 हजार मिळाले. वर ऐकून घ्यावं लागलं की तुमचं व्यवस्थापन ढिलं आहे.

दुसऱ्या बॅचलाही तेच. तेव्हा मला शंका आली. तिसऱ्या वेळी फीडची एक न फोडलेली बॅग गावातल्या धान्य दुकानाच्या शिक्क्याच्या काट्यावर मोजून आणली: 50 किलो 100 ग्रॅम. गाडी आल्यावर पहिला पक्षी धरायच्या आधी ती ड्रायव्हरच्या हुकाला टांगली. 45 किलो 400. चुलतभावाने मोबाइलवर शूटिंग घेतलं. ड्रायव्हरने "सेल उतरला असेल" म्हणत काटा बंद करून परत चालू केला, आणि तीच बॅग 50 किलो 100 भरली! त्या रात्री माझी सरासरी 2 किलो 110 लागली.

कंपनी म्हणते काटा पक्षी उचलणाऱ्या व्यापाऱ्याचा, आमचा संबंध नाही. व्यापारी फोन उचलत नाही. मी जोरात बोलू शकत नव्हतो, कारण करार करताना सही केलेले दोन कोरे चेक कंपनीकडे दिलेत. ते देऊ नका. मागितलेच तर रक्कम आणि कारण लिहूनच द्या, आणि कराराची प्रत मराठीत वाचून घेतल्याशिवाय सही करू नका.

वैधमापनशास्त्र विभागाकडे (वजनकाटे तपासणारं सरकारी खातं) शूटिंगसह लेखी तक्रार दिली आहे. काट्यावर त्यांचा शिक्का असतो, त्यात वर्ष आणि तिमाहीचं अक्षर दिसतं. गाडी आली की तो आधी बघा, त्याचा फोटो काढा. पण शिक्का असला म्हणून निर्धास्त राहू नका. बॅग सुरुवातीला टांगा, अर्धी गाडी भरल्यावर परत टांगा, कारण काट्याचं माप मधेच बदलतं. आकडे लिहायला घरचा माणूस वेगळा उभा करा, पक्षी धरायला मजूर लावावा लागला तरी चालेल. आणि दुपारच्या सरासरीवर सुपरवायझरची सही घ्या.

आमच्या शेडच्या दाराशी आता ती बॅग कायम ठेवलेली असते. मागच्या महिन्यात एक ड्रायव्हर ती बघून काटा न काढताच म्हणाला, "मालक, तुमचाच काटा आणा."