मांसात खुपसायचा थर्मामीटर: आठ महिने, सात सेल

काल रात्री सव्वानऊला सातवा सेल गेला. चॉप पॅनमध्ये, बटाटे पुरणयंत्रात आणि पडदा कोरा करकरीत. म्हणून लिहायला बसलोय, नाहीतर ऑनलाइन घेतलेल्या वस्तूंवर चार ओळी लिहिणाऱ्यातला मी नाही.

वस्तू तुम्ही सगळ्यांनी पाहिलेलीच आहे. दुमडणारी सुई, वर पडदा, मागे फ्रिजला चिकटणारं चुंबक, सुई उघडली की आपोआप चालू. किंमत ६४९. नोव्हेंबरमध्ये घेतला, नाताळच्या जेवणासाठी. डोक्यात एकच पदार्थ होता: जाड पोर्क चॉप, त्यावर मशरूम आणि पावाच्या चुऱ्याचा थर, बाजूला लोण्या-दुधात घोटलेला बटाटा. बाकी कशासाठी हा लागेल असं वाटलं नव्हतं.

आधी सेलचं सांगतो, कारण माझं डोकं त्यानेच फिरलंय. आत एलआर४४ बटन सेल आहे. घड्याळवाल्याकडे ३५ रुपयांना एक. पहिला खोक्यातच आला होता, त्यानंतर सहा विकत घेतले. म्हणजे २१० झाले, आज आणीन तो धरून २४५. सहाशे एकोणपन्नासच्या वस्तूला! का जातात तेही शोधून काढलं. बिजागरी दोन-तीन महिन्यांत सैल पडली. खण ओढला की झारे-उलथन्यांच्या धक्क्याने सुई जराशी उघडते आणि साहेब जागे होतात. दहा मिनिटांनी आपोआप बंद होतो हे खरं, पण आमच्या घरात तो खण दहा मिनिटांत तीनदा उघडतो. दिवसभर हा अंधारात चमच्यांचं तापमान मोजत बसतो. साधा पेन्सिल सेल घातला असता तर काय बिघडलं असतं? टीव्हीच्या रिमोटमधला काढून काम भागलं असतं. ही एक गोष्ट ज्याने ठरवली त्याने स्वतःच्या घरी कधी खण उघडलेला नसावा.

आता कामाबद्दल. इथे मला तोंड मिटून बसावं लागतं.

पहिल्या रविवारी मुद्दाम जुन्या पद्धतीने चॉप केले, म्हणजे नेहमीसारखे झाकण ठेवून, ‘अजून पाच मिनिटं असू दे’ म्हणत. मग सुई खुपसली. ८६. इतकी वर्षं मी घरच्यांना ८६ अंशांचा वहाणेचा तळ खायला घालत होतो आणि वर म्हणत होतो की मुंबईत चांगलं मांस मिळत नाही. मालाडच्या ऑर्लेममधल्या मांसाच्या दुकानदाराची मी मनातल्या मनात माफी मागितली.

कच्चं राहण्याची आपली भीती खोटी नाही. नीट न शिजलेल्या डुकराच्या मांसातून टेपवर्म होतो, आणि आपल्याकडे तो आहेच. पण भीतीला आकडा लागतो. अमेरिकेच्या कृषी खात्याने २०११ साली अख्ख्या तुकड्यांसाठीचा आकडा ७१ वरून ६३ वर आणला, वर तीन मिनिटं ताटलीत विश्रांती. खिम्याला मात्र ७१ च ठेवला. आता ते त्यांच्याकडच्या तपासणीतून आलेलं मांस, आपलं बाजारातलं. म्हणून मी ६३ च्या फंदात पडत नाही. ६८ ला गॅसवरून उतरवतो, ताटलीत झाकून ठेवला की आतली उष्णता त्याला आपसूक ७१ वर नेते. एवढ्यानेसुद्धा कापताना ताटलीत रस येतो. ८६ ला यायचा तो नुसता सुरीचा आवाज.

सुई कुठे खुपसता यावर सगळं आहे. मापणारा भाग टोकाशी असतो, त्यामुळे वरून टोचली तर टोक पॅनला लागतं आणि आकडा उड्या मारतो. कडेने, आडवी, मध्यापर्यंत, हाडापासून लांब. आणि चॉप निदान इंचभर जाड हवा. दुकानात काही न बोलता उभे राहिलात तर रश्श्यासाठी अर्ध्या इंचाचे कापून देतात. त्यात हा थर्मामीटर म्हणजे नुसतं भोक पाडायचं साधन. रविवारची चर्चमधली मिस्सा सुटायच्या आत पोचायचं, गर्दी नसते, आणि बोटांनी जाडी दाखवायची. चरबीची कड ठेवायला सांगायची, घरी तिला दोन ठिकाणी चीर द्यायची, नाहीतर चॉप पॅनमध्ये वाटीसारखा वळतो. लिटरभर पाण्यात ५० ग्रॅम मीठ घालून दीड तास बुडवून ठेवला की ७१ लाही कोरडा पडत नाही. मग टिपून अगदी कोरडा करायचा. ओला चॉप भाजला जात नाही, उकडला जातो.

वरचा थर हा माझा अभिमानाचा विषय. दोन दिवसांचा ब्रुन पाव खलबत्त्यात भरड कुटायचा. मिक्सरमध्ये त्याची रांगोळी होते. मशरूमचं २०० ग्रॅमचं पाकीट बारीक चिरून मोठ्या आचेवर, पाणी सुटून पुन्हा आटेपर्यंत परतायचं. कांदा, सहा लसूण पाकळ्या, चमचाभर मोहरीची पेस्ट, आणि शेजारच्या ईस्ट इंडियन (मुंबईच्या मूळ ख्रिस्ती) आंटींनी दिलेला बाटलीचा मसाला, चिमूटभर. आंटी म्हणाल्या, “अरे, आमी पोर्कचा इंड्याल करतो, तू पाव काय लावतोस त्याला?” पण मसाला दिला. चुरा लोण्यात वेगळा भाजायचा आणि सगळ्यात शेवटी, चॉप ताटलीत विसावला की वर रचायचा. आधी लावून झाकलात तर वाफेने लगदा. पावसाळ्यात तसाही ब्रुन सकाळी आणला तर संध्याकाळपर्यंत सादळतो, त्यामुळे सध्या मी तो आधी तव्यावर कडक करून घेतो.

बटाट्याला थर्मामीटर लागत नाही, त्याला पुरणयंत्र लागतं. बटाटे सालासकट, गार पाण्यापासून उकडायचे, गरम असतानाच सोलायचे, पुरणयंत्रातून काढायचे. आधी लोणी, मग गरम दूध, मग दोन चमचे फ्रेश क्रीम. मिक्सर लावलात तर फुटलेल्या स्टार्चने त्याची खळ होते, भिंतीला पोस्टर चिकटवा. अमूल बटर खारं असतं, म्हणून मीठ सगळ्यात शेवटी चाखून. आणि जुलैतला शीतगृहातला बटाटा किंचित गोड लागतो, थंडीत स्टार्चची साखर होते. त्यात मिरपूड जास्त घालायची. एवढंच.

मार्चपर्यंत मी या थर्मामीटरची सगळ्यांकडे जाहिरात करत होतो. मग कोणीतरी म्हणालं, “आकडा बरोबर दाखवतो कशावरून?” बर्फाच्या पाण्यात घातला तर ४. संपलं! कस्टमर केअरला लांबलचक मेल लिहिला, त्यात ‘आरोग्याशी खेळ’ हे शब्द दोनदा होते. त्यांनी व्हिडिओ मागितला. मी पाठवला. उत्तर आलं, “सर, ग्लासमध्ये बर्फाचे तीनच खडे दिसत आहेत.”

खरं होतं. बर्फ कुटून ग्लास काठोकाठ भरायचा, फटी भरतील इतकंच पाणी ओतायचं, दोन मिनिटं ढवळायचं आणि सुई मधोमध धरायची, तळाला न लावता. तसं केल्यावर ०.३ आला. उकळत्या पाण्यात ९९.८. आपण समुद्रसपाटीला राहतो म्हणून ही दुसरी परीक्षा इथे सरळ आहे. महाबळेश्वरला हेच पाणी ९५-९६ ला उकळेल आणि तुम्ही विनाकारण मेल लिहाल. मी त्या माणसाला ‘धन्यवाद’ एवढाच एक शब्द पाठवला. जास्त जमलं नाही.

पण जूनच्या शेवटी पडद्याच्या आतून बाफ धरली तेव्हा मात्र चूक माझी नव्हती. खोक्यावर चक्क नळाचं चित्र आहे, धार सोडलेली. मी तेवढंच केलं होतं, धार सोडली होती. यावेळी उत्तर: “पाण्याने झालेलं नुकसान वॉरंटीत बसत नाही.” नळाच्या चित्राचा फोटो पाठवला. “ते चित्र सुईपुरतं आहे, सर.” सुई दुमडली की ती बॉडीच्या आतच जाते, मग धुवायचं कसं, हे विचारलं. त्यावर पुढच्या खरेदीसाठी २० टक्क्यांचं कूपन आलं. पुढची खरेदी! शेवटी बुटांच्या खोक्यातल्या सिलिका जेलच्या पुड्या जमवल्या आणि एका डबीत थर्मामीटरसकट तीन दिवस बंद करून ठेवल्या. बाफ गेली. आधी तांदळाच्या डब्यात ठेवणार होतो, पण आईने डब्यावर हात ठेवला. “डुकराची सुई माझ्या तांदळात नाही.”

आईवरून आठवलं, आणि खरं तर हे आधीच सांगायला हवं होतं. आई मासे खाते, पण चॉपच्या रविवारी स्वयंपाकघरात पाऊल टाकत नाही. पुरणयंत्र वापरायची परवानगीसुद्धा बटाट्यापुरती, आणि धुऊन तिला दाखवायचं. जानेवारीत थंडीने तिचं दही लागेना. मी सहज म्हटलं, दूध मोजून बघ, ४२-४३ ला विरजण लाव. तिने करंगळी दुधात बुडवली, मला म्हणाली, “हे बघ, एवढं.” मी सुई बुडवली. ३६. तिने काही न बोलता पातेलं परत गॅसवर ठेवलं.

दुसऱ्या दिवशी दह्यात चमचा उभा राहिला. तिने शेजारी वाटीभर पाठवलं. आणि मग तिच्या लक्षात आलं की ती सुई आदल्या रविवारी कशात होती. साबणाने धुतली होती, उकळत्या पाण्यात बुडवली होती, सगळं सांगून झालं. दोन दिवस घरात कोणी दही खाल्लं नाही. फेब्रुवारीत तिच्यासाठी दुसरा आणला. तोच, त्याच कंपनीचा, तेव्हा ५९९ ला मिळाला. म्हणजे एका पोर्क चॉपपायी आमच्या घरात १२४८ रुपयांचे थर्मामीटर आहेत.

तर तुम्ही घ्यावा का? जाड चॉप महिन्यातून एकदा तरी करत असाल तर घ्या, हो. आकडा तीन-चार सेकंदांत स्थिर होतो, पडदा अंधुक उजेडातही वाचता येतो. ओव्हनमध्ये ठेवून द्यायचा हा नाही, डोकं प्लास्टिकचं आहे. पाण्यात बुडवू नका, खोक्यावर काहीही छापलेलं असो, सुई उघडून ओल्या फडक्याने पुसा. आणि सेल मोकळा न घेता पाच-दहाच्या पट्टीने लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारातून आणा, तिथे सुट्ट्यापेक्षा बराच स्वस्त पडतो. मी तीन वेळा ठरवलंय, अजून गेलेलो नाही. दरवेळी ३५ रुपये द्यायला घड्याळवाल्याकडेच जातो आणि दरवेळी तो हसतो. गेल्या वेळी त्याने विचारलं, “साहेब, घड्याळं किती आहेत तुमच्याकडे?”

आईचा तिच्या देवघराच्या खणात असतो, हातरुमालात गुंडाळलेला. तिथे झारे नाहीत, त्यामुळे फेब्रुवारीपासून त्यात खोक्यातलाच सेल आहे. काल सव्वानऊला ती सीरियल बघत होती. मी तिच्या थर्मामीटरचं मागचं झाकण नाण्याने फिरवलं, सेल काढला, माझ्या थर्मामीटरमध्ये घातला. ६७. अजून अर्धा मिनिट. ६८ ला उतरवला, वर चुरा रचला, सेल परत तिच्या थर्मामीटरमध्ये घालून रुमाल होता तसा गुंडाळला.

आज सकाळी चहाच्या वेळी तिने विचारलं, “माझ्या सुईच्या झाकणाला लोणी कसं लागलं रे?”