60 व्या वस्तूला किल्ली, 95 व्या वस्तूला स्टारड्रॉप : स्टारड्यू व्हॅलीच्या म्युझियमचा ताळेबंद

आधी निकाल सांगते, मग कारणं. स्टारड्यू व्हॅली या शेतीच्या गेममधलं म्युझियम पूर्ण भरल्यावर जे शेवटचं बक्षीस हातात पडतं ते वाईट नाही, पण फार उशिरा येतं. खरी कमाई वाटेतच, 60 व्या वस्तूपाशी होऊन जाते. त्यामुळे ‘शेवटी काय मिळतं?’ एवढंच विचारून जे हा खटाटोप सुरू करतात, त्यांनी जरा थांबून हे वाचावं.

मी सोलापुरात टॉवेलच्या कारखान्यात हिशेब बघते. दिवसभर सूत किती आलं, माल किती गेला, कोणाकडे किती थकलंय हे बघायचं आणि रात्री फोनवर पुन्हा बी किती, पीक किती, शिल्लक किती हेच खेळायचं, याला घरचे हसतात. हसू देत. आमच्याकडे पाणी चार-पाच दिवसांआड येतं आणि तेही अवेळी. मोटर लावून टाकी भरेपर्यंत जागायचंच असतं, त्या वेळेत माझं शेत चांगलं मार्गी लागलं. गेम भाच्याने दाखवला. तो स्वतः म्युझियमच्या वाटेला गेला नाही. “आत्या, अजून दगडंच फोडायलीस का?” हा त्याचा ठरलेला प्रश्न.

ज्यांना गेमच माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. एरिक बॅरोन या एकट्या माणसाने कोड, चित्रं, संगीत सगळं स्वतः करून 2016 साली हा गेम काढला. आजोबांनी ठेवलेली पडीक जमीन कसायची, गावातल्या लोकांशी ओळखी वाढवायच्या, खाणीत उतरायचं, मासे धरायचे. पेलिकन टाउन नावाच्या त्या गावात एक म्युझियम आहे आणि आपण पहिल्यांदा जातो तेव्हा ते रिकामं असतं. आधीचा क्युरेटर सगळा संग्रह घेऊन पळालेला, आणि नवा क्युरेटर गुंथर रिकाम्या टेबलांपुढे उभा. तुम्ही जमिनीतून, खाणीतून, नदीतून जे काढाल ते त्याला द्यायचं. एकूण 95 वस्तू: 53 खनिजं आणि 42 पुराणवस्तू. मोबदला पैशात नाही, बक्षिसात.

ही कल्पना आपल्या भागातल्या माणसाला परकी वाटायचं कारण नाही. धाराशिव जिल्ह्यातल्या तेरला रामलिंगप्पा लामतुरे यांनी गावात आणि आसपास सापडलेल्या वस्तू वर्षानुवर्षं गोळा केल्या आणि त्यांच्या संग्रहातूनच तिथलं शासकीय संग्रहालय उभं राहिलं. सातवाहन काळातली मातीची भांडी, मूर्ती, हस्तिदंती बाहुली. एका माणसाच्या नादातून एवढं जमू शकतं हे ज्याने तेरला बघितलंय, त्याला गुंथरची रिकामी टेबलं वेगळ्या नजरेने दिसतात. तिथे फक्त एक फरक आहे, लामतुरेंना दर पाच वस्तूंमागे कोणी फ्लॉवरचं बी दिलं नसणार.

हो, पहिलं बक्षीस फ्लॉवरचं बी. 5 वस्तू दिल्या की फ्लॉवरच्या बियांचे 9 नग, 10 दिल्या की खरबुजाचे 9, पुढे 35 ला भोपळ्याचे 9. पहिल्यांदा बघताना हे कंजूषपणाचं वाटतं. पण आकडा बघा. 9 म्हणजे तीन बाय तीनचा चौकोन. आणि फ्लॉवर, खरबूज, भोपळा ही तिन्ही अशी पिकं आहेत की नऊच्या नऊ चौकटीत एकत्र लावली आणि नशीब असलं तर रातोरात त्यांचं मिळून एकच राक्षसी पीक होतं, कुऱ्हाडीने फोडावं लागतं असं. हे 9 काही सहज आलेले नाहीत असं माझं मत. मात्र शक्यता एका रात्रीत शंभरात एक, तेव्हा रोज पाणी घाला आणि वाट बघा. 15 व्या वस्तूला स्टारफ्रूटचं बी मिळतं, तेही एकच. वाळवंटातल्या दुकानात ते 400 गोल्डला (गोल्ड म्हणजे गेममधलं चलन) मिळतं, पण तोवर वाळवंटाची बस सुरू झालेली नसते, म्हणून त्या एका बियाला किंमत आहे.

20, 25 आणि 30 ला दोन चित्रं आणि एक मोठं मऊ अस्वल. 40 ला बुजगावणं. 50 ला अस्वलाचा पुतळा. घर सजवायची हौस असेल तर ठीक. मला नाही, माझ्या शेतघरात पेट्याच पेट्या आहेत. पुढे जाते.

आता कामाची गोष्ट. या ठरावीक टप्प्यांच्या बक्षिसांखेरीज काही वस्तूंची स्वतंत्र बक्षिसं आहेत, आणि गेम ती आधी सांगत नाही. खाणीत ड्वार्फ स्क्रोल नावाच्या चार गुंडाळ्या सापडतात. दुकानात विकायला गेलात तर एकीचे 1 गोल्ड मिळतात. एक. माझ्यासारखी हिशेबी बाई अशी वस्तू पेटीच्या तळाला टाकते आणि विसरते. पण चारही गुंथरला दिल्या की तो ड्वार्फ भाषेचं मार्गदर्शक पुस्तक देतो. खाणीच्या तोंडाशी एका मोठ्या दगडाआड जो बुटका बसलेला असतो आणि ज्याचं एक अक्षर कळत नाही, तो एकदम बोलायला लागतो. बॉम्ब विकतो. बॉम्ब हाताशी आले की खाणीतलं काम निम्म्यावर येतं. 4 गोल्डच्या मालावर एवढा परतावा मी कुठल्या वहीत पाहिलेला नाही.

तसंच एन्शंट सीड. हे पुराणवस्तू म्हणून सापडतं, जुनं, वाळलेलं, पेरता न येणारं बी. गुंथरला दिलं की तो एक पेरता येणारं बी देतो आणि ते बनवायची कृतीही. पीक यायला 28 दिवस लागतात, म्हणजे गेममधला आख्खा एक हंगाम, पण त्यानंतर दर 7 दिवसांनी फळ. ग्रीनहाउसमध्ये लावलं तर वर्षभर. त्या फळाची वाइन हा या गेममधला सगळ्यात भरवशाचा धंदा आहे. सापडलेलं पहिलंच बी मोहापायी विकू नका, एवढंच सांगते.

आणि मग 60. साठावी वस्तू दिल्यावर काउंटरवर काहीच मिळत नाही, म्हणून वाटतं की चुकलं काहीतरी. पुढच्या एका सकाळी दार उघडलं की गुंथर स्वतः अंगणात उभा. हातात गंजलेली किल्ली. ती किल्ली कशाची, तर गावातल्या गटाराची. भाच्याला सांगितलं तर तो लोळून हसला. “एवढी दगडं दिलीस आणि गटार मिळालं तुला!”

पण त्या गटारात क्रोबस राहतो. काळासावळा, घाबरट, माणसांना बिचकणारा. खाणीच्या खालच्या मजल्यांवर ज्या सावल्या आपल्या अंगावर येतात आणि ज्यांना आपण तलवारीने मारत असतो, त्यांच्याच जमातीतला हा. हे कळलं त्या रात्री मी खाणीत गेले नाही. आणि त्याच्या जमातीचं ड्वार्फांशी जुनं वैर. म्हणजे म्युझियमने मला आधी चार गुंडाळ्यांच्या बदल्यात एका पक्षाशी बोलायला शिकवलं आणि मग किल्ली देऊन दुसऱ्या पक्षाच्या दारात नेऊन उभं केलं. बियाणं, चित्रं, अस्वलं ही वरवरची. या म्युझियमची चांगली बक्षिसं म्हणजे ओळखी आहेत.

क्रोबसचं दुकानही आहे. दर शुक्रवारी एक इरिडियम स्प्रिंकलर 10,000 गोल्डला. ज्याने रोज सकाळी उठून झारीने पाणी घातलंय त्यालाच या वाक्याचा अर्थ कळेल. मी आठवड्याची विक्री शुक्रवारच्या हिशेबाने लावायला लागले. आणि त्याच फळीवर, एकच नग, 20,000 गोल्डला: स्टारड्रॉप.

इथेच माझी खरी तक्रार सुरू होते. 95 वस्तू पूर्ण केल्यावर जे अंतिम बक्षीस मिळतं ते हेच, स्टारड्रॉप. जांभळं तारेसारखं फळ. खाल्लं की तुमची कमाल शक्ती कायमची 34 ने वाढते. सुरुवातीला शक्ती 270 असते, गेममध्ये असे एकूण 7 स्टारड्रॉप आहेत, सगळे खाल्ले की 508. म्हणजे 60 वस्तू देऊन मिळालेल्या किल्लीने जे दार उघडतं, त्या दाराआड तीच वस्तू 20,000 ला मिळते. उरलेल्या 35 वस्तू मिळवायला जो वेळ जातो, त्यात दुसऱ्या वर्षातला कुठलाही शेतकरी 20,000 कितीतरी वेळा कमावतो. वहीत मांडलं तर हा तोट्याचा सौदा आहे.

शिवाय वेळ. शक्तीची टंचाई असते ती पहिल्या वर्षी, जेव्हा दुपारपर्यंत कुदळ मारून हात गळतात. शेवटची वस्तू मिळेपर्यंत पेट्या जेवणाने भरलेल्या असतात, स्प्रिंकलर पाणी घालत असतात. तेव्हा 34 ची वाढ म्हणजे निवृत्तीनंतर मिळालेली बढती. खनिजांच्या बाबतीत तर याहून गंमत. 53 पैकी 50 खनिजं दिली की क्रिस्टलॅरियम मिळतं, रत्नाची नक्कल करणारं यंत्र. हिरा ठेवला की दर 5 दिवसांनी नवा हिरा. भारी वस्तू, यात वादच नाही. पण खाणकामाची 9 वी पातळी गाठली की हे यंत्र आपलं आपल्याला बनवता येतं, आणि 50 खनिजं जमवणारा माणूस ती पातळी ओलांडून कधीच पुढे गेलेला असतो.

शेवटचा टप्पा त्रासाचा आहे हेही सांगायला हवं. खनिजं त्यातल्या त्यात बरी. खाणीतून जिओड, म्हणजे आत खनिज दडलेले दगड, आणायचे, क्लिंट लोहाराला 25 गोल्ड देऊन फोडून घ्यायचे. हा भाग मला मनापासून आवडतो. आपण सगळे दख्खनच्या बेसाल्टवर बसलोय, आणि याच काळ्या दगडाच्या पोकळ्यांत खरे स्फटिक सापडतात. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात ज्यांनी झिओलाइट पाहिलेत त्यांना बाहेरून ओबडधोबड दगडाच्या आत काय असू शकतं हे सांगायला नको. क्लिंटचा हातोडा पडतो आणि दोन तुकडे होतात, त्या क्षणी दरवेळी श्वास रोखला जातो. मग निघतो कोळसा. किंवा साधा दगड. चालायचंच.

पुराणवस्तू मात्र जीव खातात. जमिनीवर वळवळणाऱ्या तीन काड्या दिसल्या की कुदळ मारायची, आणि बहुतेक वेळा माती नाहीतर जुनीच वस्तू. त्यातली च्यूइंग स्टिक ही पूर्वीच्या लोकांची दात घासायची काडी. माझी आजी कडुनिंबाची अशी काडी रोज सकाळी वापरून अंगणात फेकायची, तिला हे काचेखाली ठेवलेलं दाखवायला हवं होतं. माझं घोडं अडलं एल्विश ज्वेलरीपाशी. हिवाळ्यात बर्फावर अशा काड्या जास्त दिसतात, म्हणून दुसरं काही पीक नसताना जंगल पालथं घातलं. नाही मिळाली. शेवटी भाच्यानेच वाट दाखवली: वाळवंटातला व्यापारी 5 ऑम्नी जिओडच्या (हा जिओडचाच एक प्रकार) बदल्यात आर्टिफॅक्ट ट्रोव्ह देतो, ती पेटी क्लिंटकडे फोडली की त्यातून पुराणवस्तू निघतात. कुदळ मारत फिरण्यापेक्षा हा मार्ग शंभरपट बरा, आणि म्युझियम पूर्ण करायचंच असेल तर पहिल्यापासून ऑम्नी जिओड साठवा, फोडू नका.

90 व्या वस्तूला मॅजिक रॉक कँडी मिळते. खाल्ली की काही मिनिटं नशीब, खाणकाम, हल्ला, बचाव सगळं चढतं. ही मात्र योग्य वेळी येते, कारण वाळवंटातल्या स्कल कॅव्हर्नमध्ये खोल उतरायचं असतं ते याच सुमाराला. एरवी तोच वाळवंटातला व्यापारी तिच्यासाठी 3 प्रिझ्मॅटिक शार्ड, म्हणजे गेममधली दुर्मिळ रत्नं, मागतो, यावरून भाव समजा.

मग 95 वी. गुंथरकडून स्टारड्रॉप घेतला आणि खाल्ला. गेमच्या सुरुवातीला तुमची आवडती गोष्ट कोणती असं विचारतात, मी गंमत म्हणून रोमन अक्षरांत शेंगाचटणी लिहिलं होतं. स्टारड्रॉप खाताना पडद्यावर येतं की तुमचं मन त्या आवडत्या गोष्टीच्या विचारांनी भरून गेलंय. एवढ्या गंभीर संगीतात, रंगीत प्रकाशात, शेंगाचटणी. टाकी भरून वाहायला लागली तरी मी हसतच होते. 34 शक्तीचं विसरा, या ओळीसाठी मी अर्धा तारा जास्त देते.

ज्यांना गेमची शंभर टक्के पूर्तता हवी आहे, त्यांना पर्याय नाही. तिथल्या हिशेबात म्युझियमचा वेगळा रकाना नाही, पण सातही स्टारड्रॉपचा रकाना आहे, आणि त्यातला एक गुंथरकडेच. बाकीच्यांनी 60 पर्यंत नेटाने जावं, पुढचं सवडीने. पहिला प्रिझ्मॅटिक शार्ड म्युझियमला द्यायचा की त्याच्या बदल्यात मिळणाऱ्या गॅलेक्सी तलवारीला, या प्रश्नाला माझं उत्तर तलवार. टेबलावरची जागा कुठे पळून जात नाही.

फोनवर खेळताना छोट्या पडद्यावर वस्तू नेमक्या जागी मांडताना बोट सरकतं, तेवढं सांभाळा. मराठी किंवा हिंदी नाही, इंग्रजी वाचावं लागतं. पैसे एकदाच, जाहिराती नाहीत. आणि वस्तू दिली की नाही हे आठवत नसेल तर तिचं वर्णन उघडून बघा. म्युझियमला दिलीत तर गुंथर अधिक सांगेल अशी ओळ त्यात असेल, तर ती अजून दिलेली नाही, विकू नका.