ब्रेथ ॲनालायझर आठ महिने वापरून झाला, लिहू लिहू म्हणत आज लिहितोय

आधी रेटिंग देऊन टाकतो, पाचपैकी साडेतीन. मशीनला चार द्यायला हरकत नव्हती, अर्धा स्टार पुस्तिकेसाठी कापलाय, का ते पुढे येईलच. कंपनीचं नाव मुद्दाम लिहीत नाहीये, कारण मला जे सांगायचंय ते कुठल्याही कंपनीच्या फुंकायच्या मशीनला लागू आहे आणि नाव टाकलं की सगळे मशीन चांगलं की वाईट यावरच भांडत बसतात.

घ्यायचं कारण म्हणजे दोन वर्षांपूर्वी आमच्या ग्रुपमधल्या एकाने माझ्याकडच्या पार्टीतून घरी जाताना नाइट शिफ्ट संपवून येणाऱ्या एका बाइकवाल्याला उडवलं. माणूस वाचला, उजवा पाय गुडघ्याखाली गेला. आणि आता जे सांगतोय ते पहिल्यांदाच असं उघड लिहितोय, किल्ली मी दिली होती. त्याची गाडी इतरांच्या गाड्यांना आडवी लागली होती म्हणून किल्ली माझ्याकडे ठेवली होती, निघताना त्याने मागितली, मी विचारलं "नीट जाशील ना?" तो म्हणाला "अरे दोनच तर घेतलेत" आणि मी दिली. दोन नव्हते हे मला पक्कं माहीत होतं, ओतणारा मीच होतो. त्यानंतर कित्येक महिने माझ्या डोक्यात एकच चालू होतं की त्या वेळी हातात काहीतरी असायला हवं होतं, आकडा दाखवणारं, ज्याच्याशी वाद घालता येत नाही असं. म्हणून हे मशीन.

तर मशीन. घेताना एकच गोष्ट बघा, सेन्सर फ्युएल सेल आहे की सेमीकंडक्टर. माझ्याकडे आधी सेमीकंडक्टरवालं एक खेळण्यासारखं होतं, ते सेंट मारलेल्या माणसालाही पिलेला ठरवायचं, सिगरेटच्या धुरानेही गडबडायचं, आणि शुगर फार वाढली की तोंडाला जो ॲसिटोनचा वास येतो तोही त्या सेन्सरला दारूच वाटू शकतो. फ्युएल सेलमध्ये श्वासातल्या अल्कोहोलची प्लॅटिनमच्या इलेक्ट्रोडवर रिॲक्शन होऊन करंट तयार होतो, जास्त अल्कोहोल तर जास्त करंट, ॲसिटोनला तो जवळपास दाद देत नाही. पोलिसांकडची हातातली मशीनंही बहुतेक याच जातीची असतात. बटण दाबलं की साधारण वीस सेकंद गरम व्हायला घेतो, मग पाचेक सेकंद एका दमात फुंकायचं, मध्येच थांबलात की एरर. का, तर त्याला तोंडातली हवा नको असते, फुप्फुसाच्या तळची हवा हवी असते. तिथून तो रक्तातला आकडा काढतो, हिशोब असा धरलेला असतो की २१०० मिलीलिटर श्वासात जेवढं अल्कोहोल तेवढं १ मिलीलिटर रक्तात. हे प्रमाण सरासरी आहे, माणसागणिक थोडं हलतं, त्यामुळे तिसऱ्या दशांश स्थळावर जीव टाकू नका.

आता पुस्तिकेचा अर्धा स्टार. मशीनमध्ये तीन युनिट्स आहेत आणि ती बदलायचं बटण इतकं सोपं आहे की खिशातल्या खिशात बदलतं. एकदा एका मित्राने फुंकलं, आलं ०.२२. बाजूचा म्हणतो मेला हा, दुसरा म्हणतो नाही रे ०.०२२ असेल, पॉइंट चुकला असेल, काय नाय होत, जा. मी बघितलं तर स्क्रीन श्वासाच्या युनिटवर होती, लिटरला मिलिग्रॅम. श्वासातले ०.२२ म्हणजे रक्तात १०० मिलीलिटरला ४६ मिलिग्रॅमच्या आसपास, म्हणजे ०.०४६ टक्के. ना मेला होता ना जाण्यासारखा होता. एवढी महत्त्वाची गोष्ट पुस्तिकेत पान १४ वर एका ओळीत आहे, आणि पार्टीत पान १४ कोण उघडतं!

दुसरी गोष्ट, शेवटच्या घोटानंतर निदान पंधरा-वीस मिनिटं थांबल्याशिवाय फुंकू नका, माउथवॉश वापरला असेल तरी तेच. ग्लास खाली ठेवून लगेच फुंकलं तर तोंडात राहिलेली दारूच मोजली जाते, माझं एकदा ०.१९ आलं होतं आणि वीस मिनिटांनी ०.०४ (हे आणि पुढचे शून्य पॉइंटवाले आकडे रक्तातल्या टक्क्यांत). हसलो आम्ही सगळे. पण याच्या उलट जे होतं ते हसण्यासारखं नाहीये आणि माझ्या मते हे मशीन घेणाऱ्या दहातल्या नऊ जणांना ते माहीत नसतं.

झालं असं की गेल्या हिवाळ्यात एकजण निघायच्या आधी फुंकून गेला, वीस मिनिटं थांबून वगैरे सगळं नियमात, आकडा ०.०२८, म्हणजे आपल्याकडच्या ०.०३ च्या लिमिटच्या आत. सगळे खूश, जा बाबा. मी त्याच्या बरोबर बसलो कारण मलाही त्याच बाजूला जायचं होतं आणि माझं शून्य होतं म्हणून गाडी मी घेतली, त्याचा जरा इगो दुखावला पण ठीक. पस्तीस मिनिटांनी त्याच्या बिल्डिंगखाली पोहोचल्यावर गंमत म्हणून त्याला परत फुंकायला लावलं. ०.०५१. मध्ये एक थेंब घेतला नव्हता! शेवटचा पेग पोटात होता, तो रक्तात यायचा बाकी होता. दारू पिणं थांबवल्यावरही अर्धा-एक तास, पोट भरलेलं असेल तर त्याहूनही जास्त, आकडा चढत राहू शकतो. म्हणजे मशीन तुम्हाला आत्ता सांगतं, तुम्हाला गाडी चालवायचीय पुढचा अर्धा तास. तो एकटा निघाला असता तर मशीनच्या परवानगीने निघाला असता, हे माझ्या डोक्यातून जात नाही.

आणि परवानगी हा शब्द मुद्दाम वापरतोय. मशीन आल्यापासून आमच्या ग्रुपमध्ये एक नवीनच भानगड सुरू झाली, लोक आकड्यापर्यंत प्यायला लागले. "माझं १८ आलंय, अजून एक बसतो." अरे मीटर आहे की टार्गेट? बरं ती लिमिट तरी काय, स्वीडन-नॉर्वेत १०० मिलीलिटर रक्तात २० मिलिग्रॅम, भारतात ३०, जर्मनी-फ्रान्समध्ये ५०, इंग्लंडमध्ये ८०. स्कॉटलंडने २०१४ मध्ये ८० वरून ५० वर आणली, म्हणजे तेच रक्त घेऊन माणूस इंग्लंडमधून निघाला तर कायद्यात आणि सीमा ओलांडून दोन किलोमीटर गेला की गुन्हेगार. शरीराला ही सीमा कळत नाही ना. ०.०२ टक्क्यांलाच हलत्या वस्तूवर नजर ठेवणं आणि एका वेळी दोन कामं करणं जड जायला लागतं, आणि गाडी चालवणं म्हणजे दुसरं काय असतं? ताशी ६० च्या वेगात ब्रेकवर पाय जायला अर्धा सेकंद जास्त लागला तर गाडी ८ मीटर पुढे गेलेली असते. बाइकवाला पाच मीटरवर असेल तर हिशोब संपला.

खरा फायदा मला झाला तो सकाळी. एका लग्नाच्या आदल्या रात्री बसलो होतो, एक वाजता झोपताना उगाच फुंकून ठेवलं, ०.१२१. सकाळी सातला उठलो, आंघोळ केली, कडक कॉफी मारली, एकदम फ्रेश, मुलीला क्लासला सोडायचं होतं, गाडीची किल्ली हातात. काय वाटलं कोण जाणे, फुंकलं. ०.०३४. लिव्हर साधारण तासाला ०.०१५ च्या वेगानेच काम करतं, कॉफीने माणूस जागा होतो, त्याचं रक्त धुतलं जात नाही. मुलगी बूट घालून दारात उभी, विचारतेय बाबा चल ना उशीर होतोय. बायकोने माझ्याकडे बघितलं, मशीनकडे बघितलं, किल्ली घेतली आणि एक शब्द न बोलता तिला घेऊन गेली. याआधी अशा किती सकाळी मी तिला मागच्या सीटवर बसवून नेलं असेल, मोजायला गेलो नाही. नुसत्या या एका सकाळसाठी मशीन घेतल्याचं सार्थक झालं, चार स्टार त्यालाच आहेत.

आता मशीन महाग वाटतं म्हणणाऱ्यांसाठी. मी त्या बाइकवाल्याच्या घरी जायचो, अजूनही जातो. पहिल्यांदा गेलो तेव्हा शिव्या खायच्या तयारीने गेलो होतो, पण त्याच्या बायकोने पाणी दिलं आणि एक शंभर पानी वही पुढे ठेवली. त्यात ती तारखेवार खर्च लिहीत होती. ॲम्ब्युलन्स, आयसीयूचे दिवस, रक्ताच्या बाटल्या, पहिलं ऑपरेशन, जखम चिघळली म्हणून दुसरं, फिजिओ, हॉस्पिटलला जायची रिक्षा, रिक्षा, परत रिक्षा. वहीच्या दुसऱ्या बाजूने उलटीकडून सुरू केलेलं एक पान होतं, त्यावर न आलेले पगार. त्याचे अकरा, आणि मग तिचेही, कारण त्याच्याजवळ बसायला कोणी नव्हतं म्हणून तिने काम सोडलं होतं. मला वाटायचं कृत्रिम पाय बसवला की विषय संपला. तो पाय काही वर्षांनी बदलावा लागतो, आधी सॉकेट, म्हणजे उरलेला पाय ज्यात बसतो ती वाटी, सैल होतं, आत कापडाचे थर घालत दिवस काढायचे आणि मग नवीन. म्हणजे एका रात्रीचा खर्च आयुष्यभर हप्त्याने येत राहतो. माणूस चाळिशीतला आहे, करा हिशोब.

आमच्या मित्राचं म्हणाल तर लायसन्स सस्पेंड, नोकरी गेली कारण काम फिरतीचं, वकील, तारखा, आणि स्वतःच्या गाडीचा क्लेम इन्शुरन्सने नाकारला. दारू पिऊन चालवताना झालेलं नुकसान पॉलिसीत बसत नाही हे त्यातच छापलेलं होतं, आम्ही कोणी वाचलं नव्हतं एवढंच. त्याच्या आईने दागिने मोडले ते बाइकवाल्याच्या उपचारासाठी, हे त्याने मला वर्षभराने सांगितलं.

मोठे आकडे हवे असतील तर तेही आहेत. जगात वर्षाला साधारण ११ लाख ९० हजार माणसं रस्त्यावर मरतात, आणि बहुतेक देशांचा जीडीपीच्या ३ टक्के पैसा अपघातांत जातो असं डब्ल्यूएचओ सांगते. एकट्या अमेरिकेत २०२२ मध्ये पिऊन चालवणाऱ्यांच्या अपघातांत १३,५२४ माणसं गेली, दर ३९ मिनिटांना एक. २०१९ च्या एका वर्षात दारूच्या अपघातांचा तिथला खर्च जवळजवळ ६,९०० कोटी डॉलर काढलाय. मी हे आकडे ग्रुपवर टाकले तेव्हा दोन अंगठे आले आणि खाली कोणीतरी क्रिकेटचा व्हिडिओ टाकला. त्या वहीचं उलटं पान दाखवलं असतं तर वेगळं झालं असतं बहुतेक, पण ती वही माझी नाही.

बाकी मशीनच्या तक्रारी किरकोळ. थंडीत गाडीत राहिलं तर गरम व्हायला जास्त वेळ घेतं. कॅलिब्रेशन, म्हणजे आकडा बरोबर येतोय का ते तपासून जुळवणं, वर्षातून एकदा तरी करायला पाठवावं लागतं, नाहीतर आकडा हळूहळू सरकतो, आणि कमीच्या बाजूला सरकला तर ते कोणाच्या लक्षातही येत नाही, आकडा कमी आला म्हणून तक्रार कोण करणार! मी पाठवलं तेव्हा तीन आठवडे गेले. बॅटरी उत्तम. कव्हर बेकार, चेन दुसऱ्या महिन्यात तुटली.

आणखी एक, मशीन गाडीत ठेवू नका. सुरुवातीला मी ग्लव्ह बॉक्समध्ये ठेवायचो आणि एकदाही कोणी ते काढलं नाही, कारण माणूस सीटवर बसून बेल्ट लावेपर्यंत त्याचं ठरलेलं असतं, आणि ठरवणारं डोकं तेच असतं जे ढिलं झालंय. आता दाराजवळ किल्ल्यांच्या खुंटीलाच टांगलंय. पार्टी असली की सगळ्यांच्या किल्ल्या तिथे, फुंकायचं, शून्य असेल तर किल्ली, नसेल तर कॅब नाहीतर हॉलमध्ये गादी. ०.०१२ वाल्यालाही गादी. तोंडं वाकडी होतात, होऊ देत, दोघांनी माझ्याकडे यायचं बंद केलंय.

ज्याने अपघात केला तो मात्र येतो. प्यायचं पूर्ण सोडलंय त्याने, लायसन्सही परत मिळालंय, तरी निघताना खुंटीजवळ जाऊन न सांगता फुंकतो, स्क्रीनवर ०.००० आलं की मशीन माझ्यासमोर धरतो आणि मी बघितल्याशिवाय किल्लीला हात लावत नाही. मी दर वेळी बघतो.

फुंकायच्या नळ्या २५ च्या पाकिटात मिळतात आणि कंपनीकडे सध्या स्टॉक नाहीये, दुसऱ्या कुठल्या मॉडेलच्या नळ्या याला फिट बसतात का कोणाला माहीत असेल तर सांगा, माझ्याकडे चारच उरल्यात.