सॉफ्ट क्लोज चॅनेल, नऊ महिन्यांनंतर: बोटभर उघड्या राहणाऱ्या खणाची गोष्ट

गेल्या दिवाळीच्या आधी कोथरूडमधल्या आमच्या घरी ओट्याखालच्या कपाटात तीन खण करून घेतले आणि तिन्हींना अठरा इंची, 45 किलो क्षमतेचे सॉफ्ट क्लोज टेलिस्कोपिक चॅनेल बसवले, म्हणजे खण ज्यांवर आत-बाहेर सरकतो आणि शेवटी हळूच आपणहून मिटतो त्या धातूच्या पट्ट्या. साध्या बॉल बेअरिंगच्या चॅनेलपेक्षा दुपटीहून अधिक पैसे मोजले असल्यामुळे खण स्वतःहून मिटावा एवढीच माफक अपेक्षा होती. वरचे दोन खण तसे मिटतात. सर्वांत खालचा मात्र पहिल्या आठवड्यापासून शेवटच्या दोन इंचांत अडखळत असे, आणि मे महिन्यात वर्षाच्या डाळींचे डबे त्यात गेल्यावर तो बोटभर उघडाच राहू लागला. रात्री पाणी प्यायला उठलेल्या माणसाच्या नडगीला ते बोटभर अंतर पुरेसे असते.

कंपनीचे नाव मुद्दाम लिहीत नाही. ते का, हे पुढे येईलच. मी प्रथम चॅनेललाच दोष दिला. भवानी पेठेतल्या ज्या दुकानातून माल घेतला होता, तिथे बिल घेऊन गेलो, तर दुकानदाराने चॅनेलकडे न पाहताच ‘काका, गॅप मोजलात का?’ असे विचारले. हे टाळाटाळीचे उत्तर आहे असे समजून मी कंपनीकडे तक्रार नोंदवली. अकरा दिवसांनी आलेल्या तंत्रज्ञाने खण दोनदा ओढला, ढकलला, ‘साइड गॅपचा प्रॉब्लेम आहे, फिटिंग आमच्याकडे येत नाही’ असे सांगितले आणि भेटीचे शुल्क घेऊन तो गेला. ते शुल्क मला अजूनही खुपते.

मग मीच स्टीलची पट्टी घेऊन बसलो. या चॅनेलला कपाटाची बाजू आणि खणाची बाजू यांत प्रत्येकी अर्धा इंच, म्हणजे 12.7 मिलिमीटर मोकळी जागा लागते. मिस्त्रींच्या भाषेत चार सूत. जागा कमी पडली तर खण आवळतो, आणि जास्त झाली तर चॅनेलचे भाग एकमेकांपासून बाहेर ओढले जाऊन छर्रे खाचेत तिरके दाबले जातात. पाऊण मिलिमीटरपर्यंतची ढिलाई चॅनेल सांभाळून घेतो, त्यापुढे नाही. आमच्या मिस्त्रींनी ‘चार सूत बरोब्बर सोडलंय’ असे छातीठोकपणे सांगितले होते आणि ते खोटे नव्हते. कपाटाच्या तोंडाशी रुंदी 560 मिलिमीटरच भरली. पण खण काढून आत हात घालून मागच्या बाजूला मोजले, तेव्हा तिथे 563 भरले. मागचा प्लाय बसवताना कपाट गुण्याला, म्हणजे काटकोन तपासायच्या हत्याराला, लावून पाहिलेले नव्हते. खण उघडा असताना सगळे ठीक चालते, आणि मिटत आला की चॅनेलचे मागचे टोक दोन्हीकडे दीड-दीड मिलिमीटर ताणले जाते. मिटवण्याचे काम करणाऱ्या छोट्या स्प्रिंगला एवढे घर्षण आणि वर 22 किलोंचे डबे झेपत नाहीत. बिचारी स्प्रिंग!

खण काढताना एक गोष्ट नक्की लक्षात ठेवावी. दोन्ही बाजूंच्या चॅनेलवरचे, खण सोडवायचे काळे खटके सारखेच दिसत असले तरी एक वर उचलावा लागतो आणि दुसरा खाली दाबावा लागतो; मी अर्धा तास दोन्ही खालीच दाबत होतो. परत बसवताना छर्ऱ्यांची पट्टी पूर्ण पुढे ओढून घ्यावी, नाहीतर खणाची पट्टी तिच्यावर आदळते आणि छर्रे फरशीवर सांडतात.

नवीन कपाट किंवा नवीन चॅनेल यांवर खर्च करण्याचा प्रश्नच नव्हता. माळ्यावर सनमायकाचे उरलेले तुकडे होते, एक मिलिमीटर जाडीचे. कपाटाला लागलेल्या पट्टीचे मागचे स्क्रू सैल करून प्रत्येकामागे सनमायकाचा एक तुकडा आणि वर जाड लग्नपत्रिकेची एक घडी सरकवली. मधल्या स्क्रूमागे नुसती पत्रिका. पुढचा स्क्रू तसाच ठेवला. स्क्रू आवळून खण बसवला, डबे भरले आणि हलकेच ढकलला. शेवटच्या दोन इंचांत तो क्षणभर थांबल्यासारखा झाला आणि मग आपणहून, आवाज न करता आत गेला. सौभाग्यवतींनी तो सहा वेळा उघडून पाहिला.

त्यामुळे माझे मत बदलले आहे: चॅनेल उत्तम आहे. तक्रार आता एवढीच, की सोबतच्या कागदावर अर्ध्या इंचाचे चित्र फक्त समोरून काढलेले आहे. शिवाय चमचे-झारे ठेवण्याच्या वरच्या खणाला सॉफ्ट क्लोजची काही गरज नव्हती. तिथे साधे चॅनेल बसवले असते तर पैसे वाचले असते. आता अभ्यासाच्या टेबलाचे काम काढले आहे. तिथे साधेच चॅनेल आणले आहेत, आणि मिस्त्री खणाचे माप घेतात तेव्हा पट्टीचे मागचे टोक मी स्वतः धरतो.