दोन तासांत गरम होणारी टर्की

नोव्हेंबरचा चौथा गुरुवार, म्हणजे थँक्सगिव्हिंग हा अमेरिकेतला सण, आम्ही न्यू जर्सीत गेली अनेक वर्षे साजरा करत आलो आहोत. मात्र त्या दिवशीच्या जेवणातली टर्की, म्हणजे कोंबडीसारखाच पण खूप मोठा पक्षी, अख्खी कच्ची आणून घरी भाजण्याचे धाडस मी आजवर एकदाच केले. गोठलेली टर्की फ्रिजमध्ये सुटी व्हायला दर चार-पाच पाऊंडांमागे एक दिवस धरावा लागतो, त्यामुळे सोमवारपासूनच एक कप्पा तिच्यासाठी रिकामा करावा लागतो आणि गुरुवारी सकाळपासून ओव्हन दुसऱ्या कशालाही मिळत नाही. म्हणून या वेळी जवळच्या एका मोठ्या किराणा दुकानात आधी नोंदणी करून पूर्ण शिजवलेल्या टर्कीचे तयार जेवण घेतले. साडेअकरा पाऊंडांची टर्की, स्टफिंग (पावाच्या तुकड्यांचे सारण), कुस्करलेले बटाटे, ग्रेव्ही आणि क्रॅनबेरी सॉस, असे दहा माणसांचे खोके 130 डॉलरला पडले. चवीला टर्की चांगलीच होती, हे आधी सांगून टाकते, कारण पुढे तक्रारच जास्त आहे.

तक्रार आहे ती खोक्यासोबत आलेल्या सूचनांच्या कागदाबद्दल. टर्की फ्रिजमधून काढा, ट्रेमध्ये ठेवा, फॉइलने झाका आणि 325 अंश फॅरनहाइटवर दोन तास गरम करा, एवढेच त्यावर छापलेले होते. मांसाच्या आत किती तापमान आले म्हणजे टर्की झाली असे समजायचे, याबद्दल अक्षरही नव्हते. खरे तर सगळे त्याच आकड्यावर अवलंबून असते. शिजवून थंड केलेली टर्की पुन्हा गरम करताना ती आतपर्यंत 165 अंशांना, म्हणजे सुमारे 74 सेल्सियसला, पोचली पाहिजे, आणि ते कळण्यासाठी घड्याळ उपयोगाचे नाही, थर्मामीटरच लागतो. दोन तास हा अंदाज टर्की किती जड आहे आणि ओव्हनमध्ये जाताना किती थंड आहे यावर बदलतो, आणि आमची टर्की फार थंड होती. पिशवी कापून मी पोटाच्या पोकळीत चमचा घातला, तेव्हा तो बर्फाच्या खड्यांवर खरवडल्यासारखा वाजला. दुकानाने ती थंड विभागातून दिली होती, घरी आणल्यापासून ती फ्रिजच्या खालच्या कप्प्यात होती, म्हणजे बर्फ दुकानातूनच आला होता. तरी कागदाप्रमाणे करून पाहावे, असे मी ठरवले.

पिशवीच्या तळाशी जमलेली सोनेरी जेली मात्र टाकू नये. ती चरबी आहे असे समजून पुष्कळजण ती सिंकमध्ये ओततात, पण ते कातडीतून आणि हाडांतून सुटलेल्या रसाचे जिलेटिन असते. वितळले की उत्तम स्टॉक, म्हणजे रश्श्याला घालायचे मांसाचे पाणी, तयार होतो. मी ती सगळी ट्रेमध्ये ओतली, वर पेलाभर पाणी घातले आणि फॉइलच्या कडा घट्ट दाबून टर्की ओव्हनमध्ये सरकवली.

बरोबर दोन तासांनी थर्मामीटर खुपसला. छातीच्या जाड भागात 158 आले, पण मांडी अंगाला जोडलेली असते तिथे, हाडाला न लावता, आकडा 109 वर अडकला. पाहुणे अर्ध्या तासात येणार होते. आणखी तासभर ठेवावी तर मांडी गरम होईपर्यंत छातीचा भुसा होणार, हे स्पष्ट दिसत होते, कारण छातीच्या मांसात चरबी फार कमी असते आणि ते एकदा शिजताना आपले पाणी सोडून मोकळे झालेले असते. दुसऱ्या आचेला द्यायला त्याच्याकडे फारसे काही उरत नाही. मांडीचे मांस चिवट असते, चरबीदार असते, त्याला वरचे वीस-तीस अंश सहज सोसतात. एकाच ओव्हनमध्ये, एकाच हाडांच्या सांगाड्यावर, या दोघांना एकाच वेळी नीट गरम करणे जवळजवळ अशक्य आहे.

सासूबाई साताऱ्याहून महिनाभरासाठी आलेल्या होत्या. त्या इतका वेळ शांतपणे बघत होत्या, त्या म्हणाल्या, "अगं, एवढं थोरलं जनावर अख्खं कशाला तापवत बसलीस? तुकडे कर की." रश्श्यासाठी कोंबडी आधीच तुकडे करून घेणाऱ्या घरात हे सांगावे लागू नये, पण त्या कागदावरचे चित्र अख्ख्या टर्कीचे होते आणि मी चित्राच्या आहारी गेले. अमेरिकेच्या कृषी विभागाचा सल्लाही सासूबाईंच्याच बाजूचा आहे: थंड अवस्थेत विकत घेतलेली शिजवलेली टर्की अख्खी गरम करू नये, मांस हाडांपासून सोडवावे, छातीच्या कापा कराव्यात, तंगड्या आणि पंख हवे तर तसेच ठेवावेत. हे दुकानाला माहीत नसेल, असे मला वाटत नाही.

मग टर्की पाटावर घेतली. तंगड्या आणि मांड्या सांध्यातून मोकळ्या केल्या, त्या ट्रेच्या रसात बसवून झाकून परत ओव्हनमध्ये ठेवल्या, छातीच्या बोटभर जाडीच्या कापा केल्या आणि शेवटची दहा मिनिटे त्याही गरम रसात ठेवल्या. मांड्यांना 165 गाठायला पंचवीस मिनिटे लागली. छाती रसदार होती असे म्हणणार नाही, पण ग्रेव्हीबरोबर कोणी तक्रार केली नाही. कातडी मऊ पडते, हे मात्र मान्य करावे लागते. झाकून गरम केलेल्या टर्कीची कातडी कुरकुरीत राहत नाही, आणि सोललेल्या कातडीचे तुकडे वेगळ्या ट्रेत, उघडे, कडक भाजून घेणे एवढाच उपाय मला सापडला.

बाकीच्या पदार्थांत ग्रेव्ही सगळ्यांत चांगली. बटाटे दूध घालून सैल करावे लागले. स्टफिंग इतके खारट होते की मी पुढच्या वेळी ते घेणार नाही.

उरलेले मांस दोन तासांच्या आत उथळ डब्यांत भरून फ्रिजमध्ये ठेवले; तीन-चार दिवसांत संपवावे लागते, आणि दुसऱ्या दिवसापासून त्याला तो ओळखीचा शिळा वास यायला लागतो. टर्कीची चरबी शिजल्यानंतर हवेशी संयोग पावून लवकर बिघडते, त्याचा हा वास. वाटण घातलेल्या रश्श्यात तो पुरता लपतो. हाडांचा स्टॉक, मांडीचे तुकडे, भाजलेले खोबरे आणि कांदा, असा तो शुक्रवारचा रस्सा गुरुवारच्या जेवणापेक्षा आमच्या घरी जास्त खपला.

बर्फाची तक्रार करायला शनिवारी दुकानात गेले, तेव्हा काउंटरवरच्या मुलाने आदबीने ऐकून घेतले, सूचनांचा कागद उलटसुलट पाहिला आणि 15 डॉलरचे कूपन दिले. ते फक्त तयार जेवणांसाठी चालते आणि त्याची मुदत 31 डिसेंबरला संपते, त्यामुळे नाताळाला मी नुसती शिजवलेली छाती मागवणार आहे, कापा करून देत असतील तर.