वार्षिक पास आणि सरता नाताळ : मनोरंजन उद्यानाच्या पासाचा आठ महिन्यांचा अनुभव

मनोरंजन उद्यानाचा वार्षिक पास आम्ही 2025च्या मे महिन्यात घेतला आणि खरे सांगायचे तर तो हिशेब करून घेतलेला नव्हता. तिकीट खिडकीपुढे दोन मुलांसह उभे असताना एका दिवसाच्या तिकिटाच्या साधारण तिप्पट पैशांत वर्षभराचा पास मिळतो असे समजले, आणि "वर्षातून चारदा तर येऊच" असे आम्ही नवरा-बायको एकदमच म्हणालो. तेव्हापासून 6 जानेवारी 2026पर्यंत आम्ही पाच वेळा जाऊन आलो. उद्यानाचे नाव मुद्दामच देत नाही, कारण पुढे दोन-तीन तक्रारी येणार आहेत आणि त्या थोड्याफार फरकाने कुठल्याही उद्यानाच्या पासाला लागू पडाव्यात असे मला वाटते.

आमची परिस्थिती आधी सांगतो, कारण पास परवडतो की नाही हे बहुतांशी तिच्यावरच ठरते. आम्ही रेवदंड्याला राहतो. मी आयटीआयमध्ये फिटर ट्रेड शिकवतो, आणि घरामागच्या वाडीत पत्नी पाहुण्यांसाठी तीन खोल्या चालवते. घरापासून उद्यानापर्यंत एका बाजूचे अडीच तास धरावे लागतात, आणि शनिवार-रविवारी वडखळच्या नाक्याने मनावर घेतले तर साडेतीनही होतात. त्यामुळे पासाची किंमत तिसऱ्याच फेरीत वसूल झाली असे कागदावर दिसले, तरी पाच फेऱ्यांचे पेट्रोल, वाटेतला चहा-वडा आणि आत गेल्यावरचा खर्च मिळून पासाहून अधिक रक्कम गेली आहे. हा हिशेब पास विकणारे सांगत नाहीत, आणि त्यांनी तो का सांगावा हेही मला कळत नाही. तो आपला आपणच मांडायचा असतो.

पास घेताना बारीक अक्षरांतली एक अट आम्ही वाचली नव्हती. दिवाळीचे चार दिवस आणि 20 डिसेंबर ते 4 जानेवारी या काळात पास चालत नाही. अशी अट काही आपल्याकडेच आहे असे नाही, अमेरिकेतल्या डिस्नेलँडच्या स्वस्त वार्षिक पासांतूनही नाताळाचे गर्दीचे दिवस वगळलेले असतात. ज्या दिवशी पूर्ण किमतीची तिकिटे हातोहात खपतात त्या दिवशी पासवाल्यांना आत घेऊन गर्दी वाढवण्यात उद्यानाचा काही फायदा नाही, हे उघड आहे. तरीही नोव्हेंबरात ही अट कळली तेव्हा मुले हिरमुसली, कारण त्यांना हवा होता तो नाताळच.

प्रत्यक्षात मात्र ही अट आमच्या पथ्यावर पडली. 24 डिसेंबरपासून 1 जानेवारीपर्यंत आमच्या किनाऱ्यावरच्या कुठल्याही घरगुती निवासात श्वास घ्यायला फुरसत नसते. खोल्या भरलेल्या असतात, सुरमईचा भाव विचारू नये इतका चढलेला असतो, आणि थर्टी फर्स्टच्या रात्री कोणीतरी दोन वाजता गरम पाणी मागतोच. त्या दिवसांत पास चालला असता तरी आम्ही घराबाहेर पडू शकलो नसतो. 4 तारखेच्या रविवारी संध्याकाळी शेवटच्या पाहुण्यांची गाडी निघाली, सोमवारी चादरी धुऊन वाडीत वाळत घातल्या, आणि मंगळवारी मी किरकोळ रजा टाकली, मुलांनी शाळेला दांडी मारली. सगळी मुंबई रविवारीच परत गेलेली असल्यामुळे वडखळचा नाका चक्क मोकळा होता.

मंगळवार आणि तोही मोसम सरल्यानंतरचा, म्हणजे उद्यान रिकामे असणार, असा माझा अंदाज होता. तो साफ चुकला. फाटकासमोर एसटीच्या लाल बसगाड्यांची रांग लागलेली होती. डिसेंबर-जानेवारी हे शाळांच्या सहलींचे महिने आहेत ही गोष्ट शिकवण्याच्या पेशात असूनही माझ्या लक्षात राहिली नव्हती. अकरा ते तीन या वेळात प्रत्येक पाळण्यापुढे एकसारख्या टोप्यांची रांग होती, आणि शिट्टी फुंकून मुले मोजणाऱ्या शिक्षकांकडे पाहून मला त्यांची कणवच आली. मात्र रात्री फार उशीर न करता मुलांना गावी पोचवायचे असल्यामुळे साडेचार-पाचच्या सुमारास सगळ्या सहली एकदमच निघाल्या. त्यानंतर उद्यान बंद होईपर्यंतचे तीन तास म्हणजे या पासातून आम्हाला मिळालेला सर्वांत चांगला वेळ होय. आठ महिन्यांनंतर मला पासाचे मोल कळले ते इथे. एका दिवसाचे तिकीट काढलेला माणूस पैसे वसूल करायचे म्हणून सकाळी दहाला फाटकावर हजर असतो आणि उन्हातान्हात, रांगांमध्ये दिवस काढून संध्याकाळी गळून जातो. पास असलेल्याने दुपारी जेवून निघावे, तीन-चारला पोचावे आणि तीन पाळण्यांत बसून परत यावे, त्याचे काही बुडत नाही. हे आम्हाला पहिल्याच फेरीत कळले असते तर मे महिन्यातले दोन दिवस तरी सुखाचे गेले असते.

रांगेबद्दल थोडे तपशिलात लिहितो, कारण "कमी गर्दी म्हणजे छोटी रांग" हे समीकरणही नेहमी खरे नसते. मोठ्या रोलर कोस्टरच्या रुळावर एका वेळी किती गाड्या धावत आहेत यावर रांगेचा वेग ठरतो. रूळ टप्प्याटप्प्यांत विभागलेला असतो आणि पुढचा टप्पा मोकळा झाल्याखेरीज मागची गाडी त्यात सोडली जात नाही. आगगाडीच्या सिग्नलचाच हा प्रकार आहे. जुलैत आम्ही गेलो तेव्हा पावसामुळे माणसे थोडी होती म्हणून एकच गाडी चालू ठेवलेली होती. तिच्यात 20 जण बसत आणि चढण्या-उतरण्यासह एका फेरीला पाच मिनिटे लागत, म्हणजे तासाला 240 माणसे. पुढे शंभर-सव्वाशे माणसे असतील तर अर्धा तास उभे राहणे आलेच. दोन गाड्या असल्या की दुप्पट गर्दीतही जवळपास तेवढाच वेळ लागतो. म्हणून रांगेत शिरण्यापूर्वी फलाटाकडे पाहून गाड्या किती आहेत हे मोजण्याची सवय मी लावून घेतली आहे. जुलैच्या त्याच फेरीत विजा चमकू लागल्यावर उंच पाळणे दोन तास बंद ठेवले होते. त्याबद्दल माझी मुळीच तक्रार नाही, पण पावसाळ्यात लांबून जाणाऱ्याने ही शक्यता धरून चालावे.

माझ्या व्यवसायामुळे मला या यंत्राचे आकर्षण मुलांपेक्षा अधिक आहे हे कबूल करतो. साखळी गाडीला चढावर ओढून नेते तेव्हा जो कट-कट आवाज येतो तो साखळी तुटली तरी गाडी मागे घसरू नये म्हणून बसवलेल्या खिटीचा असतो. एकदा शिखर ओलांडले की पुढचे सगळे काम गुरुत्वाकर्षण करते. चाकेही तीन प्रकारची असतात : रुळावर धावणारी, बाजूने धरणारी आणि रुळाच्या खालून अडकवणारी. ही खालची चाके नसती तर उतारावर गाडी रूळ सोडून उडाली असती. रांगेत उभ्या असलेल्या माझ्या मुलीला मी खांबाच्या पायाशी असलेला एक नट दाखवला. नटावरून बोल्टच्या टोकावर एक सरळ पिवळी रेघ ओढलेली होती. नट किंचित जरी ढिला झाला तरी त्या रेघेचे दोन तुकडे एकमेकांपासून सरकतात, आणि तपासणाऱ्याला पाना न लावता ते दिसते. तिने मग वर जाईपर्यंत दिसेल त्या प्रत्येक नटाची रेघ तपासली. आमच्याकडे खाऱ्या वाऱ्याने खिडकीचे गज चार पावसाळ्यांत पोखरून जातात, तेव्हा देखभालीत मी डोळे मिटून कोणालाही गुण देत नाही, पण या बाबतीत मला या उद्यानात समाधान वाटले.

आता तक्रारी. पहिली आणि सर्वांत त्रासदायक म्हणजे अंगठा. पास दुसऱ्याने वापरू नये म्हणून फाटकावर अंगठ्याचा ठसा घेतात, आणि पंचवीस वर्षे कानस चालवलेल्या माझ्या अंगठ्यावर ठसा म्हणावा असे फारसे काही उरलेले नाही. रेशन दुकानातले यंत्र मला ओळखत नाही, तसे हेही ओळखत नाही. पाचपैकी तीन वेळा मला बाजूच्या कक्षात बसवून आधार कार्ड पाहून सोडले, आणि त्यात एकदा पाऊण तास गेला. मुले आत, मी बाहेर. सुतार, गवंडी, मासे साफ करणाऱ्या बायका, अशा कोणाचाही अंगठा असाच असणार, त्यामुळे पास घेतानाच फोटोवरून ओळख पटवण्याची सोय लिहून मागावी. दुसरी तक्रार अशी की पास मोबाइलवर असतो आणि फाटकाजवळ नेटवर्क नसते. त्यावर पडद्याचा फोटो काढून ठेवणे एवढाच उपाय आहे. खाण्याच्या किमतींबद्दल काय लिहावे! घरचा डबा आत नेऊ देत नाहीत, म्हणून आम्ही गाडीत बसून घावणे आणि चटणी खाऊन मगच आत जातो.

नाताळाची आरास 11 जानेवारीपर्यंत राहणार असे फलकावर लिहिले होते. कोपनहेगनच्या टिव्होली उद्यानाने 1994पासून नाताळाचा वेगळा मोसम सुरू केला, आणि असा मोसम करण्याची रीत आता जगभरच्या उद्यानांनी उचलली आहे. आपल्याकडे ती आली आहे ती बहुधा सांता, कापूस आणि मोठ्या आवाजातली गाणी एवढ्यापुरती. 6 तारखेला आरास होती, पण तिची रया गेलेली होती. झाडाखालचा कापूस धुळीने तांबूस झाला होता, आणि एका बाजूने दोन कामगार दिव्यांच्या माळा उतरवून, आमच्याकडचे कोळी दोर गुंडाळतात तशा, तळहात आणि कोपर यांच्यामध्ये वेढे घेत गुंडाळत होते. सव्वासहाच्या सुमारास सूर्य मावळल्यावर उरलेल्या माळा लागल्या आणि चौकात बर्फ पाडण्याचे यंत्र सुरू झाले. तो बर्फ म्हणजे जाळीतून पंख्याने उडवलेला साबणाचा फेस असतो. सहली निघून गेल्यामुळे चौकात पंधरा-वीसच माणसे होती, आणि माझा सहा वर्षांचा मुलगा यंत्राच्या अगदी खाली जाऊन तोंड वर करून, जीभ बाहेर काढून उभा राहिला. चव कळल्यावर त्याने माझ्याकडे असे काही पाहिले की जणू तो बर्फ मीच पाडला होता. कपड्यांवरचे पांढरे डाग दुसऱ्या दिवशी एका धुण्यात गेले, हेही नोंदवतो.

खाडीपलीकडच्या कोर्लईत पोर्तुगीज वळणाची बोली बोलणारी ख्रिस्ती वस्ती आहे. तिथला माझा एक जुना विद्यार्थी नाताळाला आम्हाला घरी बोलावतो. गव्हाणीच्या देखाव्यात बाळ येशूच्या दर्शनाला आलेल्या तीन राजांच्या मूर्ती अगदी शेवटी येऊन पोचतात, कारण त्यांचा सण जुन्या रिवाजाप्रमाणे 6 जानेवारीला असतो, हे त्याच्या आईने मुलांना सांगितले होते. त्यामुळे सांता अजून बसलेला असताना राजे का आले नाहीत, असे माझ्या मुलीने चौकातल्या मदतनीसाला विचारले. त्याने बिचाऱ्याने वॉकीटॉकीवर वरिष्ठांकडे चौकशी केली.

पास 24 मे रोजी संपतो. नूतनीकरणावर सवलत असल्याचा निरोप 7 जानेवारीलाच मोबाइलवर आला, पण पुन्हा चौघांचा पास आम्ही घेणार नाही. माझ्यासाठी अंगठ्याचा प्रश्न सुटेपर्यंत सुटे तिकीटच बरे, आणि धाकट्याला चालतील असे पाळणे त्याने प्रत्येकी पाच वेळा पालथे घातले आहेत. मुलीचे मात्र ठरलेले नाही. मोठ्या कोस्टरला 140 सेंटिमीटर उंची लागते. मे महिन्यात फाटकाजवळच्या पट्टीवर ती 134 भरली होती, आणि 6 जानेवारीला बूट काढायला लावून मोजली तेव्हा 138.